पाडव्याचा भरणा

हा दिवाळी अंक तुमच्या हातात पडेल तेव्हा त्याच्या शेवटच्या पानावर बहुधा एखाद्या गृहसंकुलाची रंगीत जाहिरात असेल. बाल्कनीत एक जोडपं उभं असेल. नवऱ्याच्या हातात चहाचा कप, बायकोच्या कडेवर मूल, आणि तिघंही कुठेतरी लांब बघून हसत असतील. या जोडप्याला मी चांगली ओळखते. माझी सगळी नोकरी त्यांच्यासमोर बसून झाली. जाहिरातीत ते कायम पहिल्या महिन्यातले असतात. सातव्या वर्षातलं जोडपं कोणी छापत नाही, कारण त्यात नवरा कर्जाच्या स्टेटमेंटकडे बघत असतो आणि बायको नवऱ्याकडे.

मी हैदराबादमधल्या एका गृहकर्ज कंपनीत कर्ज विभागात होते. कंपनीचं नाव सांगत नाही. ती अजून दर दिवाळीला मला मिठाईचा डबा पाठवते, तेव्हा खाल्ल्या घरचे वासे मोजताना निदान पत्ता तरी देऊ नये. माझा जन्म गौलीगुड्यातला. वडील नांदेडकडून निजामाच्या काळात इकडे आले ते इथलेच झाले. घरात मराठी, गल्लीत दख्खनी आणि ऑफिसात तेलुगू, असं माझं तिन्ही भाषांत सारखंच मोडकंतोडकं चाललं. व्याजाची भाषा मात्र मला नोकरीत शिकावी लागली, आणि ती शिकल्यावर बाकीच्या तिन्ही भाषांत ती कोणाला समजावून सांगता आली नाही.

आमच्या वडिलांच्या पिढीत घर बांधायचं ते रिटायर झाल्यावर, फंडाच्या पैशांतून. वास्तुशांतीला माणसाचे केस पांढरे असायचे आणि घरात राहायला मिळायचं दहा-बारा वर्षं. नव्वदनंतर देश मोकळा झाला, असं पेपरात यायचं. झाला असेल. आमच्या शाखेपुरतं सांगायचं तर मोकळा झालेला देश सकाळी साडेदहाला आमच्याकडे यायचा आणि पंधरा वर्षांसाठी स्वतःला बांधून घेऊन, वर पेढे देऊन जायचा.

या धंद्याचं मर्म बाहेरच्या माणसाला दोन वाक्यांत सांगता येतं. म्हणूनच ते कोणी सांगत नाही. तुम्ही तीन लाख घेतलेत, दर पंधरा टक्के, मुदत पंधरा वर्षं, तर महिन्याचा हप्ता सव्वाचार हजारांच्या थोडा वर बसतो. त्या काळी हाच दर होता, आणि तो मिळाला म्हणून लोक आमचे आभार मानायचे. पहिल्या वर्षी तुम्ही एक्कावन्न हजार भरता. त्यातले पंचेचाळीस हजार व्याजाचे. मुद्दल कमी होतं सहा हजारांनी. म्हणजे वर्षभर हॉटेलात जेवायचं टाळून, स्कूटरवरून सायकलवर येऊन तुम्ही जे घर सोडवलंत, ते फार तर न्हाणीघराच्या दारापर्यंत. पंधरा वर्षांनी बेरीज केलीत तर तीन लाखांचे पावणेआठ लाख झालेले असतात. पण ही बेरीज पंधरा वर्षांनी कोणी करत नाही. तोवर मुलीच्या लग्नाची बेरीज सुरू झालेली असते.

सगळ्या नोकरीत मला एकच माणूस असा भेटला की ज्याने ही बेरीज आधी विचारली. बेगम बाजारातले मिरची-हळदीचे घाऊक व्यापारी होते. कोणीतरी कर वाचतो म्हणून सांगितलं, तेव्हा मुलाच्या नावाने कर्ज घ्यायला आले. खुर्चीत बसले आणि त्यांच्या कपड्यांतल्या मिरचीने सगळी खोली शिंकायला लागली. मी माहितीपत्रक पुढे केलं. त्यांनी ते उलटं करून टेबलावर ठेवलं.

"ये सब रहने दो मॅडम. तीन लाख लिये, तो आखिर में कित्ते देना?"

मी हप्ता सांगितला.

"हप्ता नक्को. आखिर में कित्ते?"

मी कॅल्क्युलेटर काढला, आकडा दाखवला. त्यांनी तो एकदा पाहिला, मग माझ्याकडे सहानुभूतीने पाहिलं. "इत्ते में तो हम खुद देते लोगां को. आप को कभी जरूरत पडी तो आ जाना, थोडा कम लगा देंगे." शिंका देऊन आणि कर्ज न घेता ते गेले. आमचे मॅनेजर बापटसाहेब म्हणाले, "पाठकबाई, अशा लोकांना एकूण रक्कम दाखवत जाऊ नका. एकूण रक्कम ही एक मानसिक स्थिती आहे."

बापटसाहेब पुण्याचे. दोन वर्षांसाठी म्हणून बदलीवर आले होते आणि दहा वर्षं राहिले. मुदत वाढत जाते, हे त्यांना घरच्यांनाही समजावून सांगावं लागलं. बायको-मुलं पुण्यातच, शाळेमुळे. हे एकटे तारनाक्याला एका फ्लॅटमध्ये राहायचे, भाड्याच्या. "स्वतःचं घर का घेत नाही, सर?" असं मी एकदा विचारलं होतं. ते म्हणाले, "मी काय वेडा आहे?" मग त्यांनी दार लोटून घेतलं.

पुढे दर उतरले, आठावर आले, आणि पुण्या-मुंबईची संगणकातली मुलं येऊ लागली. त्यांना मुदत वीस वर्षांची, व्याज बदलतं. बदलतं म्हणजे कुठल्या बाजूला, हे विचारायला त्यांना वेळ नसायचा. ते स्वयंपाकघरातल्या ओट्याचा रंग ठरवत असायचे. असाच एक मुलगा तीन वर्षांनी बायकोसह स्टेटमेंट घेऊन आला. मराठी बोलत होता, पण आकड्यापाशी आला की बायकोकडे बघायचा.

"मॅडम, हे प्रिंटिंग मिस्टेक आहे का? मी वीस वर्षांचं लोन घेतलं, तीन वर्षं भरलं, एक पण हप्ता मिस नाही. आणि इथे अजून तेवीस वर्षं दाखवतंय."

मिस्टेक नव्हती. दर दीड टक्क्याने वाढला होता. हप्ता वाढवला तर लोक ओरडतात, म्हणून आम्ही हप्त्याला हात लावत नसू. वर्षं वाढवत असू. वर्षं वाढली तर कोणी ओरडत नाही, कारण ती लगेच दिसत नाहीत. मुलाने बोटांवर काही मोजलं, बहुधा स्वतःचं वय. मग म्हणाला, "म्हणजे मी चालतोय आणि स्टेशनच लांब जातंय." त्याला मी पाणी दिलं. कंपनीकडून तेवढंच देण्याची मुभा होती.

पण आज मला सांगायचं आहे ते माणिकरावांच्या पाडव्याबद्दल.

माणिकराव रेल्वेत कंट्रोल ऑफिसला होते. कुठली गाडी कुठे आहे, कुठली कुठे थांबवायची, कुठली पुढे काढायची, हे फोनवरून सांगणं हे त्यांचं काम. मूळ घर परभणीकडचं, शेतीवाडीचं; वडिलांनी शिकायला हैदराबादला पाठवलं ते परत गेलेच नाहीत. तारनाक्याच्या एका गल्लीत त्यांनी दोन खोल्यांचा फ्लॅट घेतला, आमच्याकडून तीन लाखांचं कर्ज काढून. वर उदाहरण दिलं ते त्यांचंच आहे. कर्जाच्या कागदांवर सह्या करायला ते बायकोसह आले होते. शकुंतलाकाकू बुटक्या, काळ्यासावळ्या, पदर खोचलेल्या. जवळच्या विद्यापीठात शिकणारी मराठवाड्याची पाच-सहा मुलं त्यांच्याकडे डबा न्यायची. आंध्रच्या भाताला कंटाळलेली पोरं ज्वारीच्या भाकरीसाठी गल्लीत उभी असायची. काकूंच्या डोक्यात तेव्हापासून एकच गोष्ट होती: रस्त्याला लागून एक मलगी घ्यायची, म्हणजे इथल्या भाषेत गाळा, आणि तिथे बाकडी टाकून रीतसर मेस काढायची. पण घर सुटल्याशिवाय नाही. एका वेळी दोन ठिकाणी देणं नको, असा त्यांचा नियम होता.

सह्या झाल्यावर त्यांनी मला विचारलं, "मॅडम, हे पंधरा वर्षं म्हंजे लईच झालं. लवकर सुटायचं काही हाय का?"

मी म्हटलं, "आहे ना. हप्त्याशिवाय वर्षाला पंधरा हजार वरचे भरले, आणि दर वर्षी मार्चअखेरच्या आत भरले, तर आठव्या वर्षी पंधरा हजारांवर आणखी सात-आठ हजार द्यायचे, की संपलं."

या वाक्यातलं 'आठव्या वर्षी' शकुंतलाकाकूंनी ऐकलं. 'वरचे पंधरा हजार' माणिकरावांनी ऐकलं. 'मार्चअखेरच्या आत' कोणीच ऐकलं नाही.

हे मार्चअखेरचं प्रकरण सांगायला हवं. तेव्हा आमच्या कंपनीत वार्षिक शिल्लक पद्धत होती. एक एप्रिलला तुमच्या नावावर जेवढं मुद्दल असेल, त्यावर सबंध वर्षाचं व्याज लागायचं. मध्ये तुम्ही काहीही भरा, ते मुद्दलातून वजा व्हायचं पुढच्या एकतीस मार्चला. तोवर पैसे भरलेले असूनही न भरलेले. ते आमच्याकडे असायचे, आम्ही ते दुसऱ्याला पंधरा टक्क्यांनी देत असू, आणि तुमच्याकडूनही त्यांच्यावर पंधरा टक्के घेत असू. एकाच रुपयाने दोन ठिकाणी काम करण्याचा हा चमत्कार आम्ही कायदेशीररीत्या करत होतो. करारात चौदाव्या पानावर तो लिहिलेलाही होता.

आता माणिकराव. वरचे पैसे भरायचे तर चांगल्या दिवशी, आणि घराच्या कामाला पाडव्यासारखा दिवस नाही. साडेतीन मुहूर्तांतला. सकाळी गुढी उभारायची, चेकची पूजा करायची आणि तो घेऊन ऑफिसला यायचं. आमच्याकडे पाडव्याला उगादीची सुट्टी, पण बापटसाहेब त्या दिवशी सकाळी दोन तास शाखा उघडी ठेवत. दाराला आंब्याचं तोरण, आत कॉफी, आणि मुहूर्तावर कर्ज घेणाऱ्याला स्टीलचा डबा भेट. अशा दिवशी माणिकराव इस्त्रीच्या शर्टात यायचे आणि हळदीकुंकवाची बोटं उठलेला चेक माझ्यापुढे ठेवायचे. बँकेने एकदा तो चेक खराब म्हणून परतही पाठवला होता.

पाडवा पंचांगाने येतो, एकतीस मार्च कॅलेंडरने. कधी पाडवा मार्चमध्ये यायचा आणि चेक चार दिवसांत मुद्दलातून वजा व्हायचा. कधी अधिक महिना आला की पाडवा ढकलला जायचा एप्रिलमध्ये, आणि तोच चेक वर्षभर नुसता पडून राहायचा. म्हणजे माणिकरावांचं व्याज रिझर्व्ह बँकेवर अवलंबून नव्हतं, अधिकमासावर होतं. पहिल्याच वर्षी पाडवा आला एक एप्रिलला. एक दिवसाने वर्ष गेलं.

मी तेव्हाच सांगितलं, "काका, काल आला असतात तर हे आजपासून वजा झाले असते. पुढल्या वेळी एकतीस मार्चच्या आत भरा."

"काल?" माणिकराव म्हणाले. "ताई, काल अवस होती नं."

पाडव्याचा आदला दिवस नेहमीच अमावास्येचा असतो, हे माझ्या लक्षात नव्हतं.

"मग त्याच्या आधी."

"त्याच्या आधी फाल्गुन. सरत्या वर्षात घराचे पैसे कामून भरायचे? नवं घर हाय, नव्या वर्षात भरू. पैसे काय पळून चाललेत का?"

पैसे पळत नव्हते. ते जागच्या जागी उभे होते, हीच तर अडचण होती. ज्या माणसाने उभ्या जन्मात एखादी मालगाडी उगाच सायडिंगला पडू दिली नाही, त्याचे पंधरा हजार आमच्या सायडिंगला वर्ष-वर्ष उभे राहायचे, आणि त्या उभं राहण्याचं भाडंही तोच भरायचा. हे मी त्यांना दर एप्रिलच्या पाडव्याला सांगितलं. ते दर वेळी शांतपणे ऐकून घ्यायचे. एकदा म्हणाले, "तुमचं बरोबर असंल ताई. पण तुमचा हिशोब कंपनीचा, माझा देवाचा." आता देवाकडे चौदावं पान नसतं, हे मी त्यांना कसं सांगणार. मला त्यांचा राग यायचा. खरं म्हणजे राग कंपनीचा यायला हवा होता, पण तिच्याकडून पगार येत असल्याने तो माणिकरावांवर काढणं सोयीचं होतं.

अशी सात वर्षं गेली. आठव्या पाडव्याला माणिकराव आले ते एकटे नव्हते. सोबत शकुंतलाकाकू होत्या, नव्या इरकली लुगड्यात, हातात कापडी पिशवी. त्या वर्षी पाडवा चांगला एप्रिलच्या मध्याला आला होता. उन्हाने दोघंही घामाघूम झाली होती. काकूंनी बसायच्या आधीच पेढ्यांचा पुडा टेबलावर ठेवला.

"आज संपलं नं मॅडम? आठवं वर्ष. पंधरा हजार, वर साडेसात. तुम्हीच सांगितलं होतं." त्यांनी आवाज खाली केला. "मलगी बघून ठेवलीय. चौकातच हाय. मालक म्हंतोय, उद्या अॅडव्हान्स द्या नाही तर झेरॉक्सवाल्याला देतो."

मी खातं उघडलं. साडेबावीस हजार नव्हते. चौतीस हजार होते, आणि वर थोडे. मी पुन्हा पाहिलं, कारण त्या बाईच्या चेहऱ्याकडे पाहण्यापेक्षा आकड्याकडे पाहणं सोपं होतं.

"काकू, चौतीस आहेत."

"कसे काय? एक हप्ता चुकला नाही आमचा."

मी सांगितलं. वार्षिक शिल्लक, एकतीस मार्च, एप्रिलमधले पाडवे, व्याजावर चढलेलं व्याज. मला वाटलं होतं त्यांना कळणार नाही. पण डबे देणाऱ्या बाईला आगाऊ आणि उधार यांतला फरक शिकवावा लागत नाही. त्यांनी मध्येच हात करून मला थांबवलं आणि नवऱ्याकडे वळल्या.

"हे तुम्हाला ठाऊक होतं?"

माणिकराव तोरणाकडे बघत म्हणाले, "ताई म्हनल्या होत्या तसं."

"कधी?"

"पहिल्या साली."

काकूंनी पेढ्यांचा पुडा स्वतःकडे ओढून घेतला. मग अगदी हळू, ओरडण्यापेक्षा वाईट अशा आवाजात म्हणाल्या, "अहो, गुढीची काठी तुम्ही पाडव्याला सकाळी उठून आणता का? आठ दिस आधीच आणून ठेवता नं? गाठी आधी आणता. कडुनिंब आदल्या सांजेला, अवसेला तोडून आणता. सामान आधी आणायचं आन् पूजा पाडव्याला करायची. मग पैसे मार्चमध्येच भरून पूजा पावतीची नस्ती करता आली?"

माणिकराव पुन्हा तोरणाकडे बघू लागले. सात वर्षं मी त्यांना व्याज समजावत होते आणि हे एवढं साधं मला एकदाही सुचलं नव्हतं.

काकू उठल्या आणि थेट बापटसाहेबांच्या केबिनमध्ये गेल्या. मी मागोमाग. साहेब एका नव्या जोडप्याला डबा देत होते.

"साहेब, आमचे पैसे वर्षभर कुठं असतात?"

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं, खात्याचा कागद पाहिला आणि मधाळ आवाज लावला. "बाई, तुमचे पैसे कुठे जात नाहीत. सिस्टिममध्ये असतात."

"सिस्टिममध्ये असतात, मग आमच्या नावावर कामून नसतात?"

"असतात ना. धरलेले असतात. फक्त वजा एकतीस मार्चला होतात. रूलच तसा आहे."

"मग आत्ता धरा. बारा हजाराचा फरक हाय."

"रूल सगळ्यांना सारखा असतो, बाई. एकाला सूट दिली की..." ते वाक्य साहेबांनी पुरं केलं नाही. तशी वाक्यं पुरी करायची नसतात, असं त्यांना प्रशिक्षणात शिकवलेलं होतं. उलट त्यांनी एक भर घातली. आज पूर्ण फेडायचं असेल तर मुदतीआधी फेडल्याबद्दल दोन टक्के शुल्क लागेल. आमच्या धंद्याची ही आणखी एक गंमत. हप्ता उशिरा भरला तर दंड, आणि सगळं लवकर फेडलं तरी दंड. कंपनीला माणूस वेळेवर हवा असतो, आधी नको आणि नंतर नको.

बाहेर येऊन काकू माझ्या टेबलासमोर बसल्या. माणिकराव म्हणाले, "राहू दे. हे साडेबावीस भरू. बाकी पुढल्या साली."

"आन् तोवर पुन्हा चौतीसवर व्याज," काकू म्हणाल्या. त्यांनी कापडी पिशवीतून दुसरं पाकीट काढलं. ते मलगीच्या अॅडव्हान्सचं होतं. डब्यांच्या पैशांतून साठवलेल्या नोटा होत्या, एकही हळदीच्या डागाशिवाय नव्हती. फरकाचे आणि दोन टक्क्यांचे मिळून साडेबारा हजार मोजून त्यांनी टेबलावर ठेवले.

"संपवा मॅडम."

मी म्हटलं, "काकू, मलगी?"

"झेरॉक्सवाल्याला बी पोट हाय," त्या म्हणाल्या. त्यांचे डोळे भरले होते, पण आवाज साधा होता.

मी पावती केली. शिक्का मी दोनदा मारला. त्या दिवशी मला माझ्या नोकरीची खरोखर लाज वाटली. तीन लाखांचे त्यांनी साडेपाच लाख भरले होते, आणि आमच्या हिशोबाने ते नशीबवान ग्राहक होते. पूर्ण पंधरा वर्षं भरणारे पावणेआठवर जातात. हे मी त्यांना सांत्वनासाठी सांगितलं नाही, एवढं तारतम्य मला होतं. जाताना काकूंनी पेढ्यांचा पुडा उघडून मला एक दिला, बाजूच्या क्लार्कला एक दिला, आणि साहेबांच्या केबिनकडे बघून पुडा परत बांधला.

चौकातला तो गाळा गेला. त्यानंतर दीड-दोन वर्षांनी माणिकराव रिटायर झाले, ग्रॅच्युइटी आली, आणि काकूंनी गल्लीच्या आतल्या बाजूला दुसरा गाळा घेतला. चौकात नाही, तरी भाडं जास्त, आणि काकूंचे गुडघे तोवर बोलायला लागले होते. कर्जाची खरी किंमत काय, असं मला कोणी विचारलं तर मी आता व्याजाचे आकडे सांगत नाही. ज्या वयात त्या बाईला दिवसाला शंभर भाकऱ्या थापायच्या होत्या ते वय, असं सांगते. लोकांना ते पटत नाही. लोकांना टक्के लागतात.

पण मेस चालली, आणि झोकात चालली. बाकडी, स्टीलची ताटं, ठेचा आणि पिठलं. भिंतीला टेकून खुर्चीत माणिकराव, समोर वही. त्यांच्याकडे खाड्यांचं खातं. जे मेसमध्ये जेवलेले आहेत त्यांना सांगायला नको. एखादा जेवायला येणार नसेल तर आधी कळवायचं, तो खाडा, आणि महिनाअखेर तेवढे पैसे वजा. विद्यापीठातली मुलं जेवण चुकवतील पण खाडा सांगायला चुकायची नाहीत. मीही कधी तारनाक्याला गेले की तिथेच जेवायचे, आणि काकू माझ्याकडून पैसे घ्यायच्या. "तुमच्या हापिसात मला कोणी फुकट दिलं होतं का?" असं म्हणून, आणि वाटीत तूप जास्त सोडून.

तारनाक्याला एकटा राहणारा, हॉटेलच्या इडलीला कंटाळलेला आणखी एक मराठी माणूस होता. बापटसाहेब. ते मेसला यायला लागले, तेव्हा काकूंनी त्यांना ओळखलं की नाही, ते कळलं नाही. साहेबांनी तर ओळखलं नव्हतंच. त्यांनी हजारो जणांना 'रूलच तसा आहे' हे ऐकवलेलं होतं.

त्या वर्षी दिवाळीनंतरची गोष्ट. मी जेवायला गेले होते. साहेब पुण्याला दहा दिवस राहून परतले होते आणि महिन्याचे पैसे द्यायला माणिकरावांसमोर उभे होते. पुढे दोन मुलं होती. त्यांचे दिवाळीचे खाडे माणिकरावांनी पटापट वजा केले, सुट्टे पैसे परत दिले.

"माझेही दहा दिवस वजा करा," साहेब म्हणाले. "मी आधी सांगून गेलो होतो."

माणिकरावांनी वहीतून मान वर केली आणि आत पाहिलं. काकू पळी हातात घेऊन बाहेर आल्या.

"हौ, सांगून गेला होता तुम्ही. खाडे धरलेत, साहेब. वजा होतील."

"मग करा ना."

"एकतीस मार्चला."

साहेब हसले. काकू हसल्या नाहीत. "अहो बाई, आत्ता नोव्हेंबर आहे. त्या मुलांचे तर आत्ता केलेत."

"त्यांचं खातं जुन्या रूलचं हाय. तुमचं वार्षिक. पैसे कुठं जात नाहीत, साहेब. सिस्टिममध्ये असतात."

साहेबांचा चेहरा मी तेव्हा पाहिला. त्यांना एकदम सगळं आठवलं, तोरण, डबे, इरकली लुगडं, सगळं. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी ताटात पाहिलं. मग मुकाट्याने त्यांनी पाकीट काढलं, पूर्ण महिन्याचे पैसे मोजले आणि जाता जाता, शेवटचा प्रयत्न म्हणून, विचारलं, "आणि समजा माझी फेब्रुवारीतच बदली झाली तर?"

"मुदतीआधी सोडायचं म्हंता?" काकूंनी पळी दुसऱ्या हातात घेतली. "मग दोन टक्के भरा आन् जा."

माणिकरावांनी पेन उचललं, आणि बोलता बोलता, एकेक शब्द वहीत उतरवून घेतला: "बापट. दहा खाडे. मार्चअखेरच्या आत."